कलकत्त्याच्या पलीकडे सिंगापूर

मुकुंदराव आगाश्यांच्या गाडीत बसायचं म्हणजे आधी चपला दारातच झटकायच्या, मग पाठीला उशी घ्यायची, मग पट्टा लावायचा. एवढं झालं की ते मागे वळून विचारणार, "गाडी कुणाला लागते का? लागत असेल तर आत्ता सांगा, हायवेवर नको." कुणी हो म्हटलं की आवळासुपारीची डबी पुढे यायची. मग डोक्यावर पांढरी टोपी चढायची आणि टूर सुरू.

ह्यूस्टनला लागून असलेल्या शुगर लँडच्या आमच्या मराठी मंडळात भारतातून कुणाचे आईवडील आले की त्यांना ह्यूस्टन दाखवायचं काम मुकुंदरावांचं. कुणी सोपवलं नव्हतं, त्यांनीच घेतलं होतं. आम्ही नवराबायको दोघं नोकरीवाले, शनिवारी पाठ टेकायला मिळाली तरी देव पावला म्हणायचो, आणि हा माणूस आपल्या तपकिरी स्टेशन वॅगनमधून दुसऱ्यांच्या सासूसासऱ्यांना रॉकेटं दाखवत फिरायचा. बरं, पूर्ण दिवस कधीच नाही. सकाळी निघायचं आणि जेवायच्या वेळेला घरी. "अर्ध्या दिवसात गाव कळतं वहिनी, उरलेल्या अर्ध्यात माणसं कंटाळतात," हे त्यांचं ठरलेलं वाक्य. मी मूळची नागपूरची. आमच्याकडे पाहुण्याला फिरवायला न्यायचं म्हणजे डबे, सतरंज्या, पत्ते, सगळं लटांबर. यांच्या थर्मासात प्रत्येकी अर्धा कप चहा. मी त्यावरून त्यांना फार छळायची. ते म्हणायचे, अर्धा कप प्यायलेल्याला पुन्हा यावंसं वाटतं.

एकदा एका मैत्रिणीच्या सासूबाई आल्या होत्या, अकोल्याच्या. डाउनटाउनच्या काचेच्या इमारती बघितल्या, पार्किंगचे मजले बघितले, आणि म्हणाल्या, हे सगळं ठीक आहे, पण गाव कुठे आहे? मुकुंदरावांनी गाडी बाजूला घेतली, टोपी काढून मांडीवर ठेवली आणि जरा वेळ खरोखर विचार केला. मग त्यांना बंदरावर नेलं. तिथे तेलाची जहाजं लागतात, त्यांतून दोर टाकतात, खलाशी शिट्ट्या मारतात. "मावशी, गाव असलंच तर ते इथून सुरू होतं," म्हणाले. मावशी खूश. पण माझ्या लक्षात राहिलं ते हे की कुणाचीही टूर असो, मुकुंदराव बंदर कधी गाळायचे नाहीत. आणि तिथे गेले की बडबड बंद.

त्याचं कारण मला सुनीतावहिनींनी, म्हणजे त्यांच्या बायकोने, सांगितलं. आमची घरं पाठीला पाठ लावून, मधे एक लाकडी कुंपण. त्या कुंपणावरून आम्ही दोघी जेवढं बोललो असू तेवढं नवऱ्यांशी बोललो नसू.

मुकुंदरावांचे वडील युद्धाच्या आधी सिंगापूरला होते. एका डॉक्टरच्या दवाखान्यात कंपाउंडर. जपानी येणार अशी बोलवा उठली तेव्हा त्यांनी बायकोला आणि पाच वर्षांच्या मुलाला एका ओळखीच्या कुटुंबाबरोबर बोटीत बसवलं, आणि मी सामान आवरून मागून येतो म्हणाले. ते आलेच नाहीत. आई वाईजवळच्या गावी सासरी आली आणि वर्षभरात विषमज्वराने गेली. पोराला आत्याने वाढवलं. अठ्ठेचाळीस साली गावातली घरं जाळली त्यात यांचंही जळलं आणि वडिलांचा कागद म्हणून जो काय होता नव्हता तो गेला. पोराजवळ उरल्या त्या तीन आठवणी. घराजवळ धोबीघाट होता आणि दिवसभर कपडे आपटल्याचा आवाज यायचा. वडिलांच्या सदऱ्याला औषधाचा वास यायचा. आणि एक आगगाडी होती, ती सरळ डोंगरावर चढायची, नि वडिलांनी त्याला खांद्यावर घेऊन त्या गाडीतून वर नेलं होतं. बस.

आता माणूस एवढ्यावर काय करणार? पण मुकुंदराव करायचे. त्या काळात ह्यूस्टनला व्हिएतनामी लोकांची दुकानं नवी नवी निघत होती. मुकुंदराव तिथे जाऊन डब्यातला फणस, पाकातलं नारळाचं काहीतरी, सुकी मासळी, जे दिसेल ते आणायचे. मासळी हा माणूस जन्मात खात नव्हता, नुसती हुंगायचा. एकदा मी त्यांच्या स्वयंपाकघरात गेले तर हे डोळे मिटून फणसाचा गरा तोंडात धरून बसलेले. म्हटलं, काय चाललंय? तर म्हणाले, "काही आठवतं का बघतोय." आठवलं काहीच नाही. डबा मात्र संपवला, टाकायचा नाही म्हणून. मला हसूही येईना आणि रडूही येईना.

एकदा त्यांनी लायब्ररीत सिंगापूरचा मोठा नकाशा काढला आणि त्यात चक्क इंग्रजीत लिहिलेलं, धोबीघाट. मधोमध, मोठ्या रस्त्यावर. त्या दिवशी ते आमच्याकडे नकाशाची झेरॉक्स घेऊन आले, मुलाचा निकाल लागल्यासारखे. माझ्या नवऱ्याने विचारलं, आणि ती डोंगरावरची गाडी? मुकुंदराव म्हणाले, काढून टाकली असेल हो, इंग्रज गेल्यावर. हरवलेली किल्ली सापडल्यावर कुणी पुढचा खण उघडून बघत नाही, तसं झालं ते.

हा सगळा खटाटोप त्यांच्या स्वतःसाठी असता तर मी त्यांना वेडं म्हटलं असतं. तो होता आत्यासाठी. आत्या गावीच राहायची, पोस्टमास्तरांच्या घरी फोन होता तिथे मुकुंदराव ट्रंक कॉल लावायचे. ते असे ओरडून बोलायचे की कुंपणाच्या अलीकडे आम्हाला त्यांच्या आत्याचा संधिवात तोंडपाठ झाला होता. आणि शेवटी दर वेळी तेच: "नाही गं आत्या, अजून नाही कळलं." आपल्याकडे माणूस बारा वर्षं बेपत्ता राहिला की पालाशविधी करतात, पळसाच्या पानांचा पुतळा करून त्याला अग्नी देतात. भटजींनी, सगळ्या गावाने आत्याला सांगून पाहिलं. तिने नाही म्हटलं ते नाहीच. माझ्या भावाचं काय झालं ते मला कुणीतरी बघून येऊन सांगा, मग जाळा, म्हणाली. दर भाऊबीजेला भाऊ जवळ नसलेल्या बायका करतात तसं चंद्राला ओवाळायची. आता ऐंशीच्या घरात गेली होती, आणि तिला फक्त एवढंच हवं होतं की आपला भाऊ आहे की गेला.

मग तेलाचे भाव पडले. पडले म्हणजे काय, कोसळले. ह्यूस्टनमध्ये आज याची नोकरी, उद्या त्याची. रिफायनरीतले पाइप कुठून कुठे जातात याची ड्रॉइंगं काढण्यात मुकुंदरावांचा हात धरणारा कुणी नव्हता, पण रिफायनऱ्याच बांधायच्या नाहीत तर पाइप काढून काय करता? त्यांना एका शुक्रवारी दुपारी पुठ्ठ्याचं खोकं देऊन घरी पाठवलं. सोमवारी सकाळी ते सवयीने शर्टाला इस्त्री करून बसले होते असं सुनीतावहिनी म्हणाल्या. त्याच महिन्यात गावाहून निरोप आला की आत्या न्हाणीत घसरली, खुब्याचं हाड मोडलंय, अंथरुणावर आहे. मुकुंदा कधी येतो विचारतेय.

मला त्या उन्हाळ्यात मुलीला घेऊन नागपूरला जायचंच होतं. सुनीतावहिनींना हॉस्पिटलच्या लॅबमधून सुट्टी मिळेना, आणि आता त्यांचीच नोकरी उरली होती. तेव्हा मी, माझी रश्मी आणि मुकुंदराव असे एकत्र निघालो. त्यांनी मुद्दाम पॅसिफिकवरून जाणारं तिकीट काढलं. सिंगापूरला सकाळी पोचायचं, मुंबईचं विमान रात्री. मधल्या वेळात विमान कंपनी ट्रान्झिटच्या प्रवाशांना अर्ध्या दिवसाची टूर फुकट दाखवायची. पासपोर्ट विमानतळावर ठेवून घेणार, बसमधून नेणार आणि बसमधूनच परत आणणार.

"अर्धा दिवस पुरे," ते मला विमानात म्हणाले. मला वाटतं त्या प्रवासात ते झोपलेच नाहीत.

आमची गाइड होती मिस लिम. चाळिशीची, बुटकी, हातात मिटलेली लाल छत्री उंच धरून चालायची. मुकुंदरावांना ती पहिल्या मिनिटाला आवडली, कारण तिनेही सगळ्यांना विचारलं की गाडी कुणाला लागते का. ते मला म्हणाले, जाणकार बाई आहे. पुढच्या बाकावर बसून त्यांनी तिला सगळं सांगून टाकलं, वडील, दवाखाना, धोबीघाट. ती म्हणाली, अंकल, बस त्याच रस्त्याने जाते, पण थांबायचा नियम नाही. मुकुंदरावांनी हुज्जत घातली नाही. नियम म्हटलं की हा माणूस गप्प.

मग समुद्राकाठचा तो सिंहाच्या तोंडाच्या माशाचा पुतळा बघितला. चिनी देऊळ बघितलं, तिथल्या उदबत्त्यांनी रश्मीला शिंका आल्या. प्रत्येक ठिकाणी मुकुंदराव उतरायचे, टोपी नीट करायचे, फोटो काढायचे आणि परत पहिल्या बाकावर. मी त्यांच्या मागे बसले होते.

मोठ्या रस्त्याला लागल्यावर मिस लिमने माइक खाली ठेवला आणि ड्रायव्हरच्या कानात काहीतरी म्हणाली. बस कडेला थांबली. ती लोकांना म्हणाली, पाय मोकळे करायचे असतील तर करा, लगेच निघायचंय. भली बाई. आम्ही तिघं तिच्यामागून उतरलो. समोर पत्र्याचं उंच कुंपण आणि पाटीवर धोबीघाट हे नाव. कुंपणाच्या फटीतून बघितलं तर आत खड्डा. जमिनीखालची रेल्वे होणार होती तिथे. केवढा तो खड्डा, त्यात पिवळी यंत्रं, तळाशी गढूळ पाणी.

मुकुंदराव फटीला डोळा लावून उभे राहिले. रश्मी म्हणाली, "Mom, what's he looking at?" मी तिला गप्प केलं. जरा वेळाने ते वळले आणि मिस लिमला अगदी सहज विचारलं की ती डोंगरावर चढणारी गाडी कुठे होती, इथून दिसायची का.

"कुठली गाडी, अंकल?"

त्यांनी हाताने चढ दाखवला. सरळ वर जायची. आत बाकं पायऱ्यांसारखी.

मिस लिम हसली. वाईट हेतूने नाही, ओळखीचं काही निघालं की माणूस हसतो तशी. म्हणाली, सिंगापूरला डोंगर म्हणावा असा डोंगरच नाही, गाडी चढणार कुठे? ती गाडी पिनांगला. लग्न झाल्यावर नवऱ्याबरोबर ती तिथे गेली होती. "आणि त्या डोंगराच्या अलीकडेच इंडियन धोब्यांची वस्ती आहे, अंकल. तिचं नावही धोबीघाट."

"नाव हेच?"

"हेच."

मुकुंदरावांनी टोपी काढली. तिची कड बोटांनी चाचपत उभे राहिले. मग त्यांनी विचारलं, पिनांग किती लांब? विमानाने तासाभराचं, ती म्हणाली, पण तो आता वेगळा देश. मी मराठीत म्हटलं, मुकुंदराव, तिकीट बदलून घेऊ, काय व्हायचं ते होऊ दे. त्यांनी मान हलवली. पासपोर्ट विमानतळावर, बाहेर राहायची परवानगी नाही, हातात नोकरी नाही, आणि तिकडे आत्या हाड मोडून वाट बघतेय.

बसमध्ये बसल्यावर ते माझ्याकडे न वळता बोलले. "बोट सिंगापूरहून सुटली होती ना, वहिनी. म्हणून सिंगापूर. आमच्या घरात कलकत्त्याच्या पलीकडे सगळं सिंगापूरच. आई पिनांग म्हणालीही असेल कधी. त्या खेड्यात कुणाला कळणार? आणि धोबी काय, सगळीकडेच असतात."

त्यानंतर ऑर्किडची बाग होती. मला वाटलं ते बसमध्ये बसून राहतील. ते उतरले, सगळ्या बागेतून फिरले, फोटो काढले, पुढे खडे पॉलिश करायचा कारखाना होता तिथेही सगळ्यांबरोबर रांगेत उभे राहिले. टूर अर्धवट सोडायची नाही, एवढंच म्हणाले. मला त्या माणसाचा इतका राग आला, आणि इतकी माया आली, की मी रश्मीवर उगाच खेकसले.

ते गावी गेले, मी नागपूरला. पुढचं मला कळलं ते परत शुगर लँडला आल्यावर, आमच्या स्वयंपाकघरात. सुनीतावहिनी कामावर होत्या. मुकुंदराव कढीपत्त्याचं रोप द्यायला आले ते बसले.

आत्याने त्यांना बघितल्याबरोबर, तब्येत नाही, बायकापोरं नाही, पहिला प्रश्न तोच विचारला. घर सापडलं का? हे दारात उभे, हातात बॅग. म्हणाले, सापडलं. एकदा सापडलं म्हटल्यावर पुढचं सांगणं भाग होतं. शेजारी एक म्हातारा धोबी भेटला, त्याला कंपाउंडरसाहेब आठवत होते. जपान्यांच्या वेळी तापाने गेले, फार त्रास झाला नाही. आत्याने सगळं ऐकून घेतलं. मग विचारलं, "आणि ती गाडी चढते का रे अजून डोंगरावर? दादाने लिहिलं होतं."

"तिला गाडीचं ठाऊक होतं, वहिनी," मुकुंदराव म्हणाले. "इतकी वर्षं मी तिला ते कधी विचारलंच नाही."

"मग तुम्ही काय म्हणालात?"

"म्हटलं, चढते. मी बसून आलो."

आत्याने पुढे तिथी विचारली. तिथीशिवाय श्राद्ध कसं करणार? यांच्या तोंडाला आली ती कार्तिक वद्य षष्ठी. धोबी बिचारा तिथी कशी सांगेल हेही तिच्या डोक्यात आलं नाही. म्हणाली, बरं झालं रे, कळलं एकदाचं. मग भटजींना बोलावलं, पळसाची पानं आणवली. मुकुंदरावांनी घाटावर पुतळ्याला अग्नी दिला. आत्याला पाटावर बसवून आणलं होतं. ती रडली नाही, उलट घरी गेल्यावर बऱ्याच दिवसांनी पोटभर जेवली म्हणे.

मी म्हटलं, झालं ते झालं, पण आता पिनांगला कुणाला तरी लिहा. तिथे आपली माणसं असतील, देवळं असतील. कुणास ठाऊक, कुणाला खरंच माहीत असेल.

मुकुंदराव टेबलावरच्या रोपाची माती बोटाने दाबत राहिले. मग म्हणाले, "आणि कळलं तर? समजा, युद्धानंतर वीस वर्षं जगले होते म्हणून कळलं, तर मी आत्याला जाऊन काय सांगू? विधी झाला, वहिनी. आता ते सापडून चालणार नाही."

मी उठले. चहा केला. पूर्ण कप दिला, त्यांनी अर्धा ठेवला.

त्या भाऊबीजेला आत्याने चंद्राला ओवाळलं नाही, असं पोस्टमास्तरांच्या फोनवर कळलं. थंडीत ती गेली. मुकुंदरावांना जाता आलं नाही. नोकरी लागलीच नव्हती, कुणाच्या मोटेलवर रात्रपाळी, कुणाच्या दुकानात गल्ला, असं चाललं होतं. कार्तिक वद्य षष्ठीला मात्र ते उपास धरायला लागले. वहिनींनी मला कुंपणावरून विचारलं, खोट्या तिथीचा उपास कशाला गं? मी म्हटलं, त्यांनाच विचारा. त्यांनी विचारलं नाही.

पुढच्या उन्हाळ्यात त्यांनी तिकडे पूर्व किनाऱ्यावर, पिस्कॅटवेला, वहिनींच्या भावाकडे जायचं ठरवलं. घर विकायला काढलं होतं, पण शुगर लँडमध्ये तेव्हा घर घ्यायला कुत्रं येत नव्हतं. किल्ल्या बँकेत देऊन निघायचं होतं. त्याच सुमारास माझे वडील नागपूरहून आले. मुकुंदरावांनी स्वतः होऊन सांगितलं की बाबांची टूर मीच करणार, ही शेवटची. मी आग्रहाने बरोबर गेले.

त्या दिवशी आम्ही गॅल्व्हस्टनला गेलो. समुद्राला बांधलेल्या भिंतीवर बाबांना बसवलं, चहा ओतला. समुद्र तिथे मातकटच असतो. लांबवर तेलाची जहाजं उभी होती, त्यांनाही बंदरात काही काम नसावं. बाबांनी आयुष्यात मुंबईखेरीज दुसरं बंदर बघितलं नव्हतं. त्यांनी विचारलं, तुम्ही पुष्कळ बघितली असतील?

"एक सिंगापूर बघितलंय," मुकुंदराव म्हणाले. "आमचे वडील तिथेच होते. तिथेच वारले."

बाबा हळहळले. कशाने, विचारलं.

"तापाने. फार त्रास नाही झाला. शेजारी धोबी होता एक, मद्राशी, भला माणूस. त्याने सगळं केलं शेवटपर्यंत. कपाळावर ओल्या पट्ट्या ठेवायचा. पाणीसुद्धा त्याच्याच हातचं."

पट्ट्यांचं मी कधी ऐकलं नव्हतं. मद्राशी असल्याचंही नाही. मी मुकुंदरावांकडे पाहिलं. त्यांनीही माझ्याकडे पाहिलं, अगदी स्वच्छ. आता ही बाई काही बोलेल की काय, अशी भीती त्या नजरेत अजिबात नव्हती. मग ते पुन्हा समुद्राकडे वळले आणि बाबांना त्या धोब्याची खोली कशी होती, दार कुठल्या बाजूला होतं, ते सांगत राहिले. ते बनवून सांगत नव्हते. त्यांना आठवत होतं.